जेवणाआधीचं

ऑक्टोबरचा तिसरा शनिवार. हॅमट्रॅमिकच्या आमच्या गल्लीत
मेपलची पानं गटारांच्या तोंडाशी साचलेली.
अर्वा कुंपणातून येते.
एक फळी आम्ही दोघींनी सप्टेंबरात उचकटून काढली,
कारण वळसा घालायला माझे गुडघे राजी नव्हते
आणि तिच्या हातात कायम काहीतरी चटका देणारं असतं.

अकरा वर्षांचा शेजार. बोललो यंदा,
तेही कचऱ्याच्या डब्यावरून.

भोपळा तिनं भाजून आणलाय, कडा जळक्या.
मी म्हणते, पिएरोगीत बटाटा असतो. बटाटा आणि चीज.
माझ्या आईनं रेशनच्या दिवसांतही
त्यात भोपळा कोंबला नाही.
ती म्हणते, मग आज आईला सांगू नकोस.
आणि मिरची, लसूण, कोथिंबीर, जिरं दगडावर रगडते.
तिच्या येमेनमध्ये ह्याला सहाविक म्हणतात.
माझ्या जिभेनं ठेवलेलं नाव इथे लिहिण्यासारखं नाही.

मुरड मात्र माझी.
तिची बोटं चपळ, पण घाईची;
तिनं मिटलेल्या पाच उकळत्या पाण्यात उघड्या पडल्या.
"तोंड नीट दाब," मी सांगते,
"नाहीतर आतलं सगळं बोलून टाकतात."
ती हसते. मग हसायची थांबते.
एडनहून भावाचा फोन नाही, एप्रिलपासून.
मी पुढची लाटी घेते.

मलावाह तिची: तुपात पदर सुटलेले.
पदरांत माझा आंबट कोबी, शहाजिऱ्यासकट.
दोन बोटांत मावतील एवढे तुकडे पाडतो,
कारण यादविगानं फोनवर बजावलंय:
आई, लोक उभे असतील, एका हातात पेला असेल,
एका घासाचं कर सगळं.

पेल्याशीच अडलं.
विटोल्डची प्लमची दारू तळघरात, अठ्ठ्याण्णव सालची,
अ‍ॅक्सलच्या कारखान्यातून सुटला त्या शरदातली.
अर्वा ती ओठाला लावणार नाही,
मी तिच्याशिवाय भोपळा गिळणार नाही.
ती मला बूच काढायला लावते,
दोन वीत अंतरावरून वास घेते, डोळे मिटून:
"कोबीबरोबर दे. भोपळ्याबरोबर नको, भांडतील."
न चाखता कळलं?
"तू वाळत घातलेल्या चादरींवरून मला कळायचं
तो कितवी रात्र झोपला नाही ते."

मी बूच परत लावते. जरा वेळ लागतो.

भोपळ्याला तिचं किशर:
कॉफीच्या फळांची सुकी सालं, आलं, दालचिनी,
आणि माझ्या हट्टानं त्यात निम्मा
आर्माडाच्या बागेतल्या सफरचंदांचा गढूळ रस.
जुन्या पितळेचा रंग. मी तीनदा चाखते,
मीठ बघितल्यासारखी, पहिल्या दोनदा नुसतीच नाक मुरडत.
तिसऱ्यांदा ओल्या पानांचा वास येतो,
कुणी काडी लावायच्या आधीचा.

माणसं आली पस्तीस. चर्चमधली, मशिदीतली,
कारखान्यातली उरलेली दोन.
म्हातारा काझिमिएश सहाविक थेट चमच्यानं खातो,
रडतो, पुन्हा मागतो.
कोबीचे तुकडे आठ मिनिटांत संपले. किशर कमी पडलं.
प्लमची दारू कमी पडली नाही;
ती प्यायला आता आमच्यात कोण उरलंय?

अर्वाची धाकटी, रीमास, माझा झगा ओढून विचारते:
आणि खरं जेवण कधी?
अर्वा माझ्याकडे बघते.
एवढंच आहे गं, मी म्हणते.

गुरुवारी मला फिनिक्सला नेतील.
तिथे यादविगाच्या अंगणात पोहायचा तलाव आहे
आणि झाडांना पानंच नाहीत, काटे आहेत.
सामान बांधून झालं. सालांची बरणी
मी ट्रकमध्ये दिली नाही, मांडीवर नेणार आहे.

घर घेणाऱ्यांना मी सगळं दाखवलं,
भट्टी, नळ, छताचा गळका कोपरा.
फळी तळघरात जिन्याखाली उभी आहे, खिळ्यांसकट.
ते सांगितलेलं नाही.